खोलीचा पंचनामा नको: वाचकाच्या डोळ्यासमोर चित्र उभं करायचं कसं

कथेत एखादी खोली आली की बहुतेक नवीन लिहिणारे (आणि काही जुनेजाणतेसुद्धा) पंचनामा करायला बसतात. म्हणजे असं काहीतरी:

"खोली बऱ्यापैकी मोठी होती. डाव्या बाजूला लाकडी कपाट होतं, त्याच्या शेजारी टेबल. टेबलावर पुस्तकं, एक दिवा आणि पाण्याची बाटली होती. समोर खिडकी होती आणि खिडकीला निळे पडदे होते. खिडकीखाली पलंग, पलंगावर पांढरी चादर."

व्याकरण ठीक, माहिती पूर्ण, वस्तू सगळ्या जागच्या जागी. पण दिसत काहीच नाही. पुढच्या पानावर वाचकाला विचारा पडद्यांचा रंग कुठला होता, नाही सांगता येणार, कारण त्याने ते वाचलं फक्त, बघितलं नाही. आता हीच खोली परत, वस्तू त्याच, फक्त आत कोण शिरलंय ते ठरवून:

"मालक दारातच थांबले. पडदे त्यांचे नव्हते. निळे, कोरे, घडीच्या रेघा अजून गेल्या नव्हत्या. म्हणजे पडद्यांना पैसे आहेत. पलंगावरची चादर इतकी ताणून घातलेली की त्यावर कोणी झोपतं की नाही शंका यावी, आणि टेबलावर पुस्तकांची चळत, तिच्या खालून एका पाकिटाचा कोपरा बाहेर आलेला. तीन महिन्यांचं भाडं त्यात मावेल एवढं ते जाड नव्हतं."

कपाट गेलं, बाटली गेली, डावी-उजवी बाजू गेली. कोणाला चुकचुकल्यासारखं वाटलं का? नाही वाटणार. उलट पडदे आता लक्षात राहतील, कारण त्यांच्यावर कोणाचा तरी राग आहे. या सगळ्या लेखात मला जे सांगायचंय ते साधारण इथेच आहे: वस्तू लिहू नका, बघणं लिहा. कोण बघतंय, कुठून बघतंय, काय शोधतंय, आधी काय दिसलं, मग काय, आणि काय दिसलंच नाही. पुढचं सगळं हे प्रत्यक्षात करायचं कसं याबद्दल.

आधी डोळा कसा चालतो ते बघू

कंटाळू नका, हा शाळेतला धडा नाहीये, लिहिताना याचा थेट उपयोग होतो. आपल्याला वाटतं की समोरचं सगळं आपल्याला एकदम स्वच्छ दिसतं. तसं नसतं. डोळ्याच्या पडद्यावर मधोमध एक छोटासा भाग असतो, त्याला फोव्हिया म्हणतात, आणि खरं बारीक, धारदार दिसतं ते तेवढ्यानेच. हात समोर लांब केला की अंगठ्याचं नख जेवढी जागा व्यापतं साधारण तेवढाच जगाचा तुकडा एका वेळी शार्प असतो, बाकी सगळं धूसर. मग सगळं स्पष्ट असल्यासारखं का वाटतं? कारण डोळा सेकंदाला साधारण तीन उड्या मारत असतो आणि मेंदू ते तुकडे जोडत असतो. उडी चालू असतानाचं दिसणं मेंदू दाबून टाकतो. आरशात स्वतःच्या डाव्या डोळ्याकडे बघा, मग उजव्याकडे, परत डाव्याकडे. डोळे हललेले तुम्हाला दिसणारच नाहीत, शेजारी उभ्या असलेल्या माणसाला मात्र स्पष्ट दिसतील.

म्हणजे बघणं हे मुळातच एकामागून एक तुकडे वेचणं आहे, आणि गंमत अशी की वाक्यही तसंच असतं, एकामागून एक शब्द. जर्मन लेखक लेसिंगने १७६६ साली 'लाओकून' नावाच्या निबंधात हीच गोष्ट दुसऱ्या बाजूने मांडली, की चित्र सगळं एकदम दाखवतं, शब्द मात्र काळात पुढे सरकतात, म्हणून कवीने चित्रकाराची नक्कल करायला जाऊ नये. त्याने दिलेलं उदाहरण अजूनही तितकंच कामाचं आहे. होमरच्या 'इलियड' या ग्रीक महाकाव्यात अकिलीस या योद्ध्याच्या ढालीचं लांबलचक वर्णन येतं, पण होमर ती तयार ढाल समोर ठेवून "इथे हे, तिथे ते" करत नाही, तो देवांचा लोहार हिफायस्टस ती ढाल घडवत असताना दाखवतो. एकेक चित्र आपल्यासमोर तयार होत जातं, त्यामुळे वर्णन चालू आहे हे जाणवतच नाही.

ही युक्ती बिनधास्त उचला. घराचं वर्णन करायचंय? कोणीतरी ते झाडतंय, रंगवतंय, रिकामं करतंय, त्यात किल्ली शोधतंय असं दाखवा. चेहऱ्याचं करायचंय? तो माणूस दाढी करतोय. हात हलत राहिला की नजरेला सोबत मिळते.

प्रश्न बदलला की नजर बदलते

यार्बुस नावाचा एक रशियन शास्त्रज्ञ होता, त्याचं पुस्तक इंग्रजीत १९६७ साली आलं. त्याने माणसांना एकच चित्र दाखवलं, रेपिन या रशियन चित्रकाराचं, ज्यात बऱ्याच काळाने एक माणूस अनपेक्षितपणे घरी परत आलाय आणि घरातले दचकून बघतायत. चित्र तेच, प्रश्न वेगवेगळे: या लोकांची वयं सांगा, घरची परिस्थिती कशी वाटते सांगा, कपडे लक्षात ठेवा. डोळे कुठून कुठे फिरले त्याच्या रेघा त्याने नोंदवल्या, तर प्रत्येक प्रश्नाला रेघांचं जाळं वेगळं. वयं विचारली की नजर चेहऱ्यांवर, परिस्थिती विचारली की सामानसुमानावर आणि कपड्यांवर.

लेखकासाठी यातून एकदम रोकडी गोष्ट निघते. सीन लिहायच्या आधी पात्राच्या मनातला प्रश्न एका ओळीत कागदावर लिहा. 'याच्याकडे पैसे आहेत का?' 'ती इथे येऊन गेली का?' 'इथून पळायचं झालं तर कुठून?' मग खोलीत फक्त त्या प्रश्नाच्या कामाच्या गोष्टी ठेवा. चोराला खिडकीची कडी दिसेल, पडद्याचा रंग दिसणार नाही. आईला चादर दिसेल आणि तिच्या पोटात गोळा येईल. प्लंबरला कोपऱ्यातली ओल. आणि प्रश्नच सापडत नसेल तर बहुतेक त्या जागी वर्णनाची गरजच नाहीये, पुढे चला.

यातलं एक उपकलम: पात्राला जे रोजचं आहे ते त्याला दिसत नाही. स्वतःच्या घरात शिरणारा माणूस स्वतःचा सोफा न्याहाळत नाही. तो न्याहाळतोय असं लिहिलंत की वाचकाला लगेच कळतं, हे लेखक आपल्यासाठी चालवतोय. रोजच्या जागेत नजरेत भरतो तो फक्त बदल. घड्याळ बंद पडलंय, चप्पल उलटी पडलीय, एक खुर्ची ओढलेली. रोजची जागा दाखवायचीच असेल तर पाहुणा आणा, नाहीतर काहीतरी बिघडवा.

नजरेला वाट द्या

क्रम हा इथे अर्धा खेळ आहे. बालकवींची 'औदुंबर' घ्या, जेमतेम आठ ओळी. त्यात कवी झऱ्यापासून सुरुवात करतो, मग पलीकडे टेकडीकडचं चार घरांचं गाव, मग पुढे शेतमळ्यांची हिरवी गर्दी, आणि मग त्या हिरव्यातून एक पांढरी पायवाट पडते, अडवीतिडवी, जी काळ्या डोहाकडे जाते. तुम्ही त्या पायवाटेवरून चालता, डोळ्यांनी. झाड येतं ते अगदी शेवटच्या ओळीत, पाण्यात पाय टाकून बसलेलं. झाडाचं नाव कवितेला, पण झाड सगळ्यात शेवटी. रंगांचा क्रमही बघा, हिरवा, पांढरा, काळा. मन कसं खाली उतरत जातं ते वेगळं सांगायला लागत नाही.

मराठीत हे करायला आपल्याला एक आयती सोय आहे, वाक्यात शब्द पुढेमागे हलवता येतात. "एक माणूस कोपऱ्यात कपाटामागे बसलेला होता" हे ठीक आहे, पण माणूस आधीच सापडला, शोधायला काही उरलं नाही. "कोपऱ्यात, कपाटाच्या मागे, भिंतीला पाठ टेकून एक माणूस." आता नजर कोपऱ्यात गेली, मागे वाकली, मग दचकली. पात्राला माणूस उशिरा दिसला असेल तर तो वाक्यातही उशिरा येऊ द्या, आणि आधी दिसला असेल तर आधी. सस्पेन्ससाठी दर वेळी शेवटी ठेवायचं असा याचा अर्थ नाही, तेही फार होतं.

लांबून जवळ यायचं की जवळून लांब जायचं, दोन्ही चालतं, पण मधेच विनाकारण उड्या नकोत. डोंगर, मग कानातला डूल, मग आकाश, मग नख. असं झालं की वाचकाला चक्कर येते (पात्रालाच चक्कर येत असेल तर उत्तम).

उजेड विसरू नका

खरं सांगू का, माझ्या मते उजेड हा सगळ्यात दुर्लक्षित भाग आहे. लोक वस्तू लिहितात, रंग लिहितात, आणि उजेड कुठून येतोय ते ठरवतच नाहीत. मग अमावस्येच्या रात्री रानात नायिकेची लाल ओढणी दिमाखात दिसत असते.

डोळ्यात दोन प्रकारच्या पेशी असतात. शंकूपेशी रंग आणि बारकावे बघतात पण त्यांना उजेड लागतो, दंडपेशी मंद उजेडात काम करतात पण त्यांना रंग कळत नाहीत. संध्याकाळ होत जाते तसं काम हळूहळू शंकूंकडून दंडांकडे जातं, आणि या मधल्या वेळात एक मजेशीर प्रकार होतो, लाल रंग आधी काळवंडतो आणि हिरवे-निळे त्यामानाने उजळ वाटायला लागतात. याला पुर्किंये परिणाम म्हणतात, एकोणिसाव्या शतकातल्या त्या चेक शास्त्रज्ञाच्या नावावरून. दुपारी झाडावरचं लाल फूल पानांपेक्षा उठून दिसतं, तिन्हीसांजेला तेच फूल पानांमधलं भोक वाटतं. आता हे असंच्या असं वाक्यात वापरा, "संध्याकाळ झाली" असं लिहायची गरज पडणार नाही.

उन्हातून काळोख्या घरात शिरणं हा दुसरा आयता सीन. डोळे अंधाराला पूर्ण सरावायला वीस ते तीस मिनिटं लागतात, पहिल्या काही क्षणांत तर जवळजवळ काहीच दिसत नाही. मग आत शिरल्या शिरल्या पात्राला सगळी खोली कशी काय दिसते? आधी आवाज येऊ दे, वास येऊ दे. मग काहीतरी चकाकणारं, काचेची कड, भांड्याचा काठ. मग पांढऱ्या गोष्टी. आणि पात्र एक-दोन वाक्यं बोलून झाल्यावर त्याला कळू दे की समोरच्या खुर्चीत आधीपासून कोणीतरी बसलेलं आहे.

आणि भुताखेताच्या कथा लिहिणाऱ्यांसाठी खास: फोव्हियाच्या मध्यात दंडपेशी नसतातच. त्यामुळे खूप अंधारात ज्याच्याकडे टक लावून बघाल ते नाहीसं होतं आणि नजर जरा बाजूला केली की परत दिसतं. आकाशनिरीक्षण करणारे लोक अंधुक तारे बघायला मुद्दाम असं तिरकं बघतात. म्हणजे डोळ्याच्या कोपऱ्यात आकृती दिसली आणि वळून बघितलं तर काहीच नाही, यात अतिशयोक्ती काही नाही, डोळा खरोखर असाच वागतो. वाचकाने स्वतः हे कधी ना कधी अनुभवलेलं असतं, म्हणून अंगावर काटा येतो.

वेग आणि उंची यांचंही असंच. 'शाकुंतला'च्या पहिल्या अंकात दुष्यंताचा रथ भरधाव सुटतो तेव्हा "रथ फार जोरात चालला होता" असं कालिदास म्हणत नाही. राजा सांगतो ते एवढंच, की आत्ता बारीक दिसणारी गोष्ट एकदम मोठी होतेय, मधे तुटलेलं सांधल्यासारखं दिसतंय, मुळात वाकडं ते सरळ भासतंय, आणि वेगामुळे क्षणभरही काही लांब नाही की बाजूला नाही. सातव्या अंकात तो आकाशातून खाली येतो, तेव्हा आपण खाली चाललोय असं वाटतच नाही, डोंगरांची शिखरं वर येतायत आणि जमीन त्यांच्यावरून खाली घसरतेय असं दिसतं, पानांत बुडालेल्या झाडांचे बुंधे बाहेर यायला लागतात, रेघेसारख्या नद्या रुंद होत जातात. विमान नव्हतं हो तेव्हा! पण विमानाच्या खिडकीशी बसलेल्या कोणालाही हे पटेल. त्याने वस्तूचं खरं रूप बाजूला ठेवलं आणि त्या क्षणी ती जशी भासली तशीच लिहिली, समजावून न सांगता. आपणही तेच करायचं. झाड पळत नाही हे वाचकाला माहीत आहे, तुम्ही पळू द्या.

न दिसणंही लिहा

१९९९ साली सायमन्स आणि चॅब्रिस या दोन मानसशास्त्रज्ञांनी तो प्रसिद्ध प्रयोग केला, लोकांना व्हिडिओतले बॉलचे पास मोजायला लावले आणि मधूनच गोरिलाच्या वेशात एक व्यक्ती खुशाल चालत गेली. साधारण निम्म्या लोकांना ती दिसलीच नाही. रहस्यकथा लिहिणाऱ्यांनी याची नोंद घ्यावी: पुरावा लपवायचा असेल तर झाकू नका, वाचकाला त्याच वाक्यात दुसरं काम द्या. भांडण चालू आहे, कोण काय बोललं हे वाचक मोजतोय, आणि त्यातच कोणीतरी उठून खिडकी लावली. नंतर उलगडा झाला की वाचक पान मागे उलटतो आणि म्हणतो, अरे, होतं की इथे.

उपमा कुठून आणायची

पात्राच्या गाठोड्यातून. भिंतीवरची भेग शिंप्याला उसवलेल्या शिवणीसारखी दिसेल, नर्सला टाके तुटलेल्या जखमेसारखी, आणि आठ वर्षांच्या पोराला नकाशावरच्या नदीसारखी. तीनपैकी कुठली छान हा प्रश्नच नाही, नजर कोणाची आहे एवढंच बघायचं. लेखकाच्या स्वतःच्या संग्रहातली सुंदर उपमा अडाण्या पात्राच्या डोक्यात घातली की ती कितीही चमकदार असो, ठिगळच.

एका परिच्छेदात एक पुरे. दोन उपमा शेजारीशेजारी आल्या की एकमेकींना खातात. आणि चंद्रासारखा चेहरा, मोत्यासारखे दात, कमळासारखे डोळे हे आता कोणालाच दिसत नाहीत, वाचक त्यावरून घसरत पुढे जातो. विनोदासाठी वापरा हवं तर.

"सुंदर", "विलोभनीय", "नयनरम्य", "मनमोहक" यांचीही तीच गत. हे दिसणं नाहीये, हा निकाल आहे. निकाल वाचकाला देऊ दे.

"त्याला दिसलं की..." हे काढायचं का?

बऱ्याचदा हो. "तिने पाहिलं की दार उघडं आहे" यात आपण तिच्या मागे उभं राहून तिला बघताना बघतोय. "दार उघडं होतं" यात आपण तिच्या डोळ्यांतून बघतो. ड्राफ्टमध्ये "दिसलं की", "जाणवलं की", "लक्षात आलं की" शोधा आणि एकेक काढून बघा. पण सरसकट नको. बघणं हीच जिथे घटना आहे, म्हणजे इतकी वर्षं समोर असलेली गोष्ट आज पहिल्यांदा दिसली, तिथे "दिसलं" हेच क्रियापद हवं. हा नियम आंधळेपणाने पाळणारे लोक बघितलेत मी, त्यांचं गद्य पुढे पुढे तारेच्या मजकुरासारखं कोरडं होत जातं.

ज्यांना चित्र दिसतच नाही असे वाचक

हो, असतात. फ्रान्सिस गाल्टन या ब्रिटिश शास्त्रज्ञाने १८८० साली लोकांना आपलं न्याहारीचं टेबल मनात आणायला सांगितलं आणि विचारलं, किती स्पष्ट दिसतं? काहींना लख्ख दिसत होतं, काहींनी सांगितलं की काहीच नाही. या काहीच-न-दिसण्याला २०१५ मध्ये अ‍ॅडम झीमन या मेंदूविकारतज्ज्ञांनी अफँटेझिया हे नाव दिलं. अशा माणसाला तुमचा निळा पडदा दिसणार नाही, पण कोऱ्या पडद्यावरचा मालकाचा राग पोचेल. म्हणून डिटेल निवडताना, ज्यातून रंगरूपाबरोबर काही अर्थही निघतो ती निवडा. शिवाय बाकीची ज्ञानेंद्रियं आहेतच, पायाखालची गार फरशी चित्राशिवायही लागते.

सरावासाठी काही

खिडकीत बसा आणि बाहेर एक मिनिट बघा, मग पाठ फिरवून ज्या क्रमाने दिसलं त्याच क्रमाने लिहा. सगळ्यात आधी बहुतेक जे हलत होतं ते आलं असेल, कारण डोळ्याच्या कडांना हालचाल चटकन कळते. तीच जागा संध्याकाळी, दिवे लागायच्या आधी परत लिहा.

एक जागा घ्या आणि तीन माणसं आत पाठवा, तिघांचे प्रश्न वेगळे. एकाही परिच्छेदात माणसाचा व्यवसाय किंवा मूड सांगायचा नाही. मित्राला वाचायला द्या, त्याने ओळखलं तर जमलं.

स्वतःच्या जुन्या कथेतलं सगळ्यात लांब वर्णन काढा आणि त्यातल्या वस्तूंवर एकेक रेघ मारत जा, प्रत्येक वेळी विचारत की ही गेल्याने पुढच्या प्रसंगाचं काय बिघडतं. बहुतेक वेळा दोन-तीन वस्तू उरतात. त्या उरलेल्यांना मात्र जरा जास्त जागा द्या, एखादा ओरखडा, एखादा डाग, कोणाचा तरी हात लागून गेल्याची खूण, अशी गोष्ट जी फक्त त्याच वस्तूवर असू शकते.

आणि एक चाचणी, जी थोडी बोचते. वर्णन कोणाला तरी वाचून दाखवा, त्यावर काही विचारू नका, दुसऱ्या दिवशी फोन करून विचारा काय काय आठवतंय. सांगतील ते ठेवा. सांगणार नाहीत त्यातलं कथेला लागणारं जे असेल ते त्या आठवलेल्या वस्तूला चिकटवा, म्हणजे पाकीट विसरलं गेलं आणि पडदे लक्षात राहिले असतील तर पाकीट टेबलावरून उचलून पडद्यामागे ठेवा.